नाल्यातल्या केमिकलच्या पाण्यावर डॉक्युमेंटरी करायची आहे, कॅमेरा कोणता घेऊ?

भाऊ, तुमचा प्रश्न दोनदा वाचला. तुम्ही लिहिलंय ते थोडक्यात असं: गावाच्या वरच्या अंगाला एमआयडीसी आहे, तिथल्या एका कंपनीचं पाणी रात्री नाल्यात सुटतं, नाल्याकाठच्या 7 विहिरींचं पाणी पिवळं पडलंय, लोकांच्या अंगाला खाज सुटते, 2 वर्षांत गावात कॅन्सरचे 5 पेशंट निघाले. तुमच्याकडे 40 हजार रुपये आहेत, त्यात कॅमेरा कोणता घेऊ आणि कंपनीने केस टाकली तर काय करू.

मी जळगाव-धुळे भागात 18 वर्षं हेच काम करतोय, त्याआधी लग्नाचं शूटिंग करायचो, त्यामुळे कॅमेऱ्याचं आधी सांगून टाकतो. कॅमेरा घेऊ नका. हातात आहे तो मोबाइल पुरतो. दीड-दोन हजारांचा कॉलर माइक घ्या, एक ट्रायपॉड, दोन हार्ड डिस्क, एक पॉवर बँक, आणि उरलेले सगळे पैसे पाण्याच्या तपासण्या, पेट्रोल आणि झेरॉक्स ह्यासाठी बाजूला काढा. मे महिन्यात आपल्याकडे पारा 45 च्या वर जातो आणि दुपारी मोबाइल तापून बंद पडतो, त्यामुळे उन्हाळ्यात काय ते शूटिंग सकाळी 9 च्या आत उरकायचं. कॅमेऱ्याचं एवढंच.

खरा प्रश्न वेगळा आहे. तुमची फिल्म आली की कंपनी 4 गोष्टी म्हणणार, हे मी आजच लिहून देतो. ते पाणी आमचं नाही. त्या दिवशी बिघाड झाला होता. रंग एडिटिंगमध्ये वाढवलाय. आणि खाज-आजार आमच्यामुळे नाहीत, शेतातल्या खतामुळे आहेत. ह्या 4 वाक्यांपुढे जी फिल्म टिकते तिच्यावर काहीतरी होतं, बाकीच्या फिल्म लोक बघतात, दोन शिव्या घालतात आणि पुढे सरकवतात. म्हणून शूटिंग करताना ह्या 4 वाक्यांची उत्तरं डोक्यात ठेवूनच बटण दाबायचं.

आता बऱ्याच गोष्टी तुमच्या परिस्थितीवर आहेत हेही कबूल करतो. गावातली किती पोरं त्या कंपनीत कामाला आहेत, तुमच्या घरातलं कुणी आहे का, सरपंच कुणाच्या बाजूने आहे, तिथे एकच कंपनी आहे की 10 कंपन्यांचं पाणी एकाच नाल्याला येतं, ह्यावर तुमची चाल बदलेल. गावातली निम्मी घरं कंपनीच्या पगारावर असतील आणि तुमची फिल्म म्हणत असेल की कंपनी बंद करा, तर पहिलं भांडण गावातच लागेल. तीच फिल्म म्हणाली की तुमचा ईटीपी, म्हणजे सांडपाणी शुद्ध करायचा प्लांट, रात्रीही चालवा, तर कंपनीत काम करणाऱ्या पोराची आईसुद्धा बोलायला पुढे येते, मी हे बघितलंय.

पहिलं वाक्य, ते पाणी आमचं नाही. त्याचं उत्तर शोधायला नाल्यावर जायच्या आधी कागदाकडे जा. असं केमिकलचं सांडपाणी निघणाऱ्या कारखान्याला महाराष्ट्र प्रदूषण नियंत्रण मंडळाचं संमतीपत्र लागतं, ते बऱ्याचदा मंडळाच्या वेबसाइटवरच मिळून जातं, नाही मिळालं तर माहितीच्या अधिकारात मागा. 10 रुपये फी, 30 दिवसांची मुदत, आणि महाराष्ट्रात अर्ज 150 शब्दांत आणि एकाच विषयावर पाहिजे, नाहीतर तेवढं कारण पकडून परत पाठवतात. त्या संमतीपत्रात लिहिलेलं असतं की रोज किती घनमीटर सांडपाणी, ते कुठे सोडायचं, कोणत्या मर्यादेत सोडायचं. काही कंपन्यांच्या संमतीपत्रात तर सरळ असतं की एक थेंबही बाहेर सोडायचा नाही, सगळं पाणी परत वापरायचं. तसं असेल तर तुमचं काम खूपच सोपं झालं, कारण मग पाण्यात काय आहे हा नंतरचा प्रश्न, पाणी त्या पाइपातून बाहेर आलं हेच उल्लंघन. बऱ्याच संमतीपत्रांत ईटीपीला वेगळं वीज मीटर लावायची अटही असते. त्या मीटरच्या महिन्या-महिन्याच्या नोंदी मागा. ईटीपी बांधलेला असतो पण विजेचा आणि केमिकलचा खर्च वाचवायला चालवत नाहीत, हे आपल्याकडचं जुनं दुखणं आहे, आणि मीटरचा आकडा ते बरोबर उघडं पाडतो.

आणखी एक कागद लोकांना माहीतच नसतो. 2006 च्या पर्यावरण अधिसूचनेप्रमाणे ज्या प्रकल्पाची जनसुनावणी झाली, त्या जनसुनावणीचं पूर्ण व्हिडिओ शूटिंग करणं मंडळावर बंधनकारक आहे. एमआयडीसीतल्या बऱ्याच कंपन्यांना जनसुनावणी लागत नाही, त्यामुळे तुमच्या केसमध्ये ती झाली असेलच असं नाही, पण झाली असेल तर ते फुटेज माहितीच्या अधिकारात मागाच. एका गावात आम्हाला ते मिळालं. मंडपात स्टेजवर कंपनीचे साहेब माइकवर सांगताहेत की नाल्यात काहीही सोडणार नाही, समोर पहिल्या रांगेत बसलेले आबा मान हलवताहेत. 6 वर्षांनी आम्ही त्याच आबांना त्यांच्याच विहिरीच्या काठावर बसवलं आणि लॅपटॉपवर ते फुटेज लावलं. आबा काही बोलले नाहीत, फक्त स्क्रीनवर दिसणाऱ्या स्वतःच्या चेहऱ्याला एकदा हात लावला. त्या शॉटवर मी कॉमेंट्री टाकली नाही.

दुसरं वाक्य, त्या दिवशी बिघाड होता. हे वाक्य सगळ्यात जास्त चालतं कारण आपण एकदाच जातो, एकदाच शूट करतो. माझं सगळं काम मी आता ह्याच एका गोष्टीवर उभं करतो, की कॅमेरा म्हणजे वही. नाल्यावर एक जागा ठरवा, फरशी पूल असेल तर उत्तम, सार्वजनिक रस्त्यावरची पाहिजे, कंपनीच्या कंपाउंडच्या आत पाय टाकायचा नाही. तिथे ट्रायपॉडच्या तिन्ही पायांच्या जागी रंगाने खुणा करा. आठवड्यातून 3 वेळा, ठरलेल्या वेळी, त्याच खुणांवर ट्रायपॉड, तीच फ्रेम, 2 मिनिटांचा शॉट. पाणी स्वच्छ असेल त्या दिवशीही शूट करायचंच, हे फार महत्त्वाचं आहे, कारण स्वच्छ दिवसांमुळेच घाण दिवसांवर विश्वास बसतो. बाजूला एक साधी वही, तारीख, वेळ, वास, रंग, फेस, वारा कुठून, सोबत कोण होतं, त्याची सही. 6 महिन्यांनी तुमच्याकडे 70-75 शॉट होतील आणि ते एकामागे एक लावले की दिसेल की घाण पाणी रविवारी पहाटे येतं, सुट्टीच्या आदल्या रात्री येतं, पहिल्या पावसात येतं. बिघाड काय सणवार बघून होतो का?

मुदतीचं पण लक्षात ठेवा, कारण फिल्मवाले इथे हमखास मार खातात. राष्ट्रीय हरित न्यायाधिकरण, म्हणजे एनजीटी, त्यांचं पश्चिम विभागाचं खंडपीठ पुण्याला आहे. कलम 14 खाली तक्रार न्यायची तर कारण घडल्यापासून 6 महिन्यांत, आणि नुकसानभरपाईसाठी कलम 15 खाली 5 वर्षांत. दोन्हीकडे सबळ कारण असेल तर आणखी 60 दिवस. फिल्म चांगली व्हावी म्हणून 2 वर्षं शूटिंग करत बसलात आणि 6 महिन्यांची मुदत निघून गेली असं होऊ देऊ नका. वकिलाला फिल्म संपल्यावर नाही, वही सुरू केल्याच्या आठवड्यातच भेटा.

तिसरं, रंग वाढवलाय. मोबाइल स्वतःच रंग बदलत असतो, ऑटो व्हाइट बॅलन्स, म्हणजे मोबाइल आपोआप करतो तो रंगांचा समतोल, पिवळ्या पाण्याला थोडं निळसर करतो आणि संध्याकाळच्या उन्हात साध्या पाण्यालाही तांबूस करतो, म्हणजे दोन्हीकडून नुकसान. व्हाइट बॅलन्स आणि एक्सपोजर (उजेडाची सेटिंग) लॉक करा. काचेच्या ग्लासात पाणी घ्या, मागे पांढरी बशी किंवा कोरा कागद धरा, शेजारी दुसऱ्या ग्लासात घरचं प्यायचं पाणी, दोन्ही एकाच फ्रेममध्ये. कंपनीला रंगावर बोलायचं असेल तर आधी त्या बशीच्या पांढऱ्यावर बोलावं लागेल. एडिटिंगमध्ये नाल्याच्या एकाही शॉटचा रंग सुधारायचा नाही आणि त्याच्याखाली रडकं संगीतही टाकायचं नाही. मूळ फाइल व्हॉट्सअपवरून पाठवू नका, ती दाबली जाते आणि तिच्यातली तारीख-वेळेची माहितीही निघून जाते. त्याच दिवशी दोन्ही डिस्कवर कॉपी, एक डिस्क दुसऱ्याच्या घरी. 1 जुलै 2024 पासून भारतीय साक्ष्य अधिनियम लागू आहे, त्याच्या कलम 63 प्रमाणे व्हिडिओ कोर्टात द्यायचा तर प्रमाणपत्र लागतं आणि त्यात फाइलची हॅश व्हॅल्यू लिहावी लागते, म्हणजे फाइलवरून निघणारा कोड, फाइल जराही बदलली की तो बदलतो. फाइल कॉपी केली त्याच दिवशी हॅश काढून वहीत लिहायची सवय लावा, फुकटात काम होतं.

चौथं वाक्य सगळ्यात अवघड आणि इथे मला तुम्हाला थोडं थांबवायचंय. कंपनी म्हणेल खतामुळे, आणि ती प्रत्येक वेळी खोटंच बोलत असेल असं नाही. आपल्याकडे केळी आणि कापसाला युरिया किती पडतो हे तुम्हाला मी सांगायला नको, विहिरीत नायट्रेट त्यामुळेही वाढतं आणि गावच्या गटारीमुळेही. पिण्याच्या पाण्याचं जे भारतीय मानक आहे, आयएस 10500, त्यात नायट्रेटची मर्यादा लिटरला 45 मिलिग्रॅम आहे. तुमच्या 7 विहिरींत 80 निघालं आणि तुम्ही ओरडलात, आणि कंपनीने नाल्याच्या वर 2 किलोमीटरवरच्या विहिरीत पण 80 दाखवलं, की तिथेच संपलं. म्हणून कंपनीच्या वरच्या अंगाच्या 2 विहिरी आणि खालच्या अंगाच्या 7 विहिरी, सगळ्या एकाच दिवशी तपासायच्या. आपल्याकडे बऱ्याच भागात खडक काळा बेसाल्ट, पाणी त्याच्या भेगांतून जातं, त्यामुळे नाल्याला लागून असलेली विहीर चांगली आणि अर्धा किलोमीटर लांबची खराब असं होऊ शकतं, घाबरू नका, जे आहे ते दाखवा. भूजल सर्वेक्षण यंत्रणेच्या निरीक्षण विहिरी अनेक गावांत असतात, तुमच्या आसपास एखादी असेल तर तिच्या जुन्या नोंदी मागा, कंपनी यायच्या आधीचं पाणी कसं होतं ते सांगणारा तोच एक साक्षीदार आहे.

तपासणी एनएबीएल, म्हणजे लॅबना मान्यता देणारं राष्ट्रीय मंडळ, त्याची मान्यता असलेल्या लॅबमध्येच करा. बाटली त्याच पाण्याने 3 वेळा विसळायची, काठोकाठ भरायची, लेबल, बर्फाच्या डब्यात, त्याच दिवशी लॅबला, आणि हे सगळं कट न करता शूट करायचं. पण एक समजून घ्या, 1974 च्या जल प्रदूषण कायद्याच्या कलम 21 प्रमाणे खटल्यासाठी चालतो तो मंडळाच्या अधिकाऱ्याने रीतसर घेतलेला नमुना, कंपनीला तिथेच नोटीस देऊन, बाटल्या सील करून, सह्या घेऊन. तुमचा लॅब रिपोर्ट मंडळाला घराबाहेर काढण्यासाठी आहे. तो जोडून लेखी तक्रार द्या, तुमच्या वहीतला वार-वेळ सांगा, आणि अधिकारी नमुना घ्यायला येतील तेव्हा पुलावर उभं राहून ते शूट करा. अधिकारी माणूस बहुतेक वेळा वाईट नसतो, त्याच्याकडे मोठा भाग असतो आणि माणसं कमी, तुम्ही त्याला वार-वेळ दिली तर त्याचंच काम सोपं होतं.

आता ते 5 कॅन्सर पेशंट. त्यांच्या घरी जा, बसा, ऐका, पण फिल्ममध्ये कंपनीमुळे कॅन्सर झाला हे वाक्य टाकू नका. कॅन्सर बहुतेक वेळा बऱ्याच वर्षांनी दिसतो, 5 जणांचे कॅन्सर वेगवेगळ्या अवयवांचे असतील, त्यात कुणी 20 वर्षं तंबाखू खाल्लेली असेल, आणि कंपनीच्या बाजूचा एक डॉक्टर 5 मिनिटांत तुमची सगळी फिल्म खोटी ठरवेल, ज्यात खाजेची आणि विहिरींची खरी गोष्टही बुडेल. अंगाची खाज, जनावरांनी पाणी सोडणं, म्हशींनी गाभ टाकणं, हे जवळचं आणि मोजता येण्यासारखं आहे. प्राथमिक आरोग्य केंद्रात आणि जनावरांच्या दवाखान्यात त्याच्या नोंदी असतात, पेशंटची नावं न मागता फक्त महिन्यावार आकडे मागा. कॅन्सरबद्दल फिल्मने एवढंच विचारावं की ह्या गावात घरोघर जाऊन आजारांची नोंद कुणी घेतली का, आणि जिल्हा आरोग्य अधिकाऱ्यांकडे सर्वेक्षणाची लेखी मागणी करताना ग्रामसभा दिसावी. ही मागणी नाकारणं कुणालाही जड जातं.

जपानच्या मिनामाता गावाचं नाव ऐकलं असेल, चिस्सो नावाची कंपनी समुद्रात पारा सोडत होती, 1956 ला आजार नोंदवला गेला आणि सरकारने कंपनीचं नाव घ्यायला 1968 उजाडलं. तिथे एका दिग्दर्शकाने वर्षानुवर्षं पेशंटसोबत राहून फिल्म केल्या आणि 1977 मध्ये तो त्या फिल्म घेऊन त्या समुद्रकाठच्या कोळ्यांच्या वस्त्यांमध्ये फिरला, ज्यांनी तो मासा खाल्ला होता त्यांनाच दाखवल्या. ही गोष्ट मला फार धरून ठेवते. आणि आपल्याकडे कोडाईकनालला थर्मामीटरच्या कारखान्याचा पारा, 2001 ला भंगारवाल्याकडे पाऱ्याची फुटकी काच सापडली आणि कारखाना बंद झाला. 2015 ला त्यावर एक रॅप व्हिडिओ आला, लाखो लोकांनी बघितला, आणि मार्च 2016 मध्ये हिंदुस्तान युनिलिव्हरने 591 माजी कामगारांसोबत समझोता केला. लोक म्हणतात बघा व्हिडिओने काम केलं. हो केलं, पण त्या व्हिडिओच्या मागे कामगारांनी वर्षानुवर्षं जपलेले कागद होते.

माणसांबद्दल. इथे मी चुकलोय म्हणून जरा लांबवतो. माझ्या दुसऱ्याच फिल्ममध्ये ठेकेदाराकडचा एक कामगार बोलला, सातपुड्यातल्या पाड्यावरचा पोरगा, रात्री व्हॉल्व्ह तोच उघडायचा. मी त्याचा चेहरा अंधारात ठेवला, आवाज बदलला, मला वाटलं झालं. पण बोलताना तो गुडघ्यावर एक निळ्या काठाचा रुमाल गुंडाळत होता आणि तो शॉट मला आवडला म्हणून मी ठेवला. सुपरवायझरने रुमालावरून ओळखलं. चौथ्या दिवशी त्याला गेटवरून परत पाठवलं, त्याचे दीड महिन्याचे पैसेही बुडाले. मी नंतर त्याच्यासाठी खूप धावपळ केली पण त्याची ती नोकरी काही परत आली नाही. तेव्हापासून कामगाराचा जबाब मी कॅमेऱ्यावर घेतच नाही, कागदावर लिहून घेतो, वकिलाकडे ठेवतो आणि फिल्ममध्ये दुसऱ्या माणसाकडून वाचून घेतो. बाकी कुणाचंही शूटिंग केलं तर एडिट झालेला त्याचा भाग त्याला आधी दाखवा आणि तेव्हा नको म्हणाला तर काढा, कितीही चांगला असला तरी.

बोली बदलू देऊ नका. कॅमेरा लावला की आपली माणसं पुस्तकी बोलायला लागतात. एक आजी मला अंगणात सांगत होत्या, "आते ढोरेबी हाई पानी पेतस नही," आणि कॅमेरा चालू केल्यावर म्हणाल्या, "येथील पाणी दूषित झालेले आहे." मी कॅमेरा बंद केला, चहा घेतला, परत अहिराणीत विचारलं. खाली प्रमाण मराठीत सबटायटल टाका, मुंबईच्या साहेबांनाही कळतं.

केसचं. भारतीय न्याय संहितेच्या कलम 356 खाली बदनामीचा फौजदारी गुन्हा आहे, 2 वर्षांपर्यंत शिक्षा होऊ शकते, आणि नुसतं खरं असून भागत नाही, ते लोकहितासाठी मांडलं हेही दाखवावं लागतं. पाणी आणि आरोग्य ह्यापेक्षा मोठं लोकहित कोणतं, पण शब्द जपून वापरा. विष, खुनी, लुटारू हे शब्द नकोत, त्या जागी लॅबचा आकडा आणि मर्यादेचा आकडा. फिल्म पूर्ण व्हायच्या आधी कंपनीला लेखी प्रश्न पाठवा, ईमेलने आणि स्पीड पोस्टाने, 15 दिवस द्या, उत्तर आलं तर फिल्ममध्ये घ्या, नाही आलं तर पोस्टाची पावती दाखवा. नोटीस आली तरी ती फक्त नोटीस असते, वकिलामार्फत उत्तर द्यायचं, रागाने फेसबुकवर टाकायची नाही. ड्रोनचा मोह टाळा, भुसावळ-वरणगावच्या आयुध निर्माणीच्या किंवा दीपनगरच्या वीज केंद्राच्या आसपास तर उडवूच नका, मूळ विषय राहील बाजूला आणि तुम्हीच आरोपी व्हाल.

फिल्म 3 लांबीच्या करा. गावासाठी 25 मिनिटांची, साहेबांसाठी 4 मिनिटांची, मोबाइलसाठी दीड मिनिटाची. पहिलं दाखवणं गावात, पण चावडीवर जाहीर खेळ लावला तर कुणीतरी सेन्सॉर सर्टिफिकेटचा मुद्दा काढून अडवू शकतं, म्हणून वकिलाला विचारून ठरवा, मी सुरुवात एकेका गल्लीत घरातल्या टीव्हीवर करतो. मग ग्रामसभेचा ठराव, मग महिन्याच्या पहिल्या सोमवारी कलेक्टर ऑफिसला लोकशाही दिन असतो तिथे अर्ज, सोबत पेन ड्राइव्ह आणि एक पानाची यादी, कितव्या मिनिटाला काय दिसतं, कोणत्या तारखेचं आहे, संमतीपत्राची कोणती अट मोडली. ते पान फिल्मपेक्षा जास्त वाचलं जातं. यूट्यूब सगळ्यात शेवटी.

पावसाळ्याला आता फार दिवस नाहीत. जूनमध्ये पहिला मोठा पूर गेला की नाला धुऊन निघतो, विहिरींना वरचं पाणी येतं, खडकावरचा पिवळा थर जातो आणि मग दिवाळीपर्यंत दाखवायला काही राहत नाही. तेव्हा ह्या रविवारी पहाटे साडेपाचला पुलावर जा, ट्रायपॉडच्या खुणा करा, पहिला शॉट घ्या आणि वहीत पहिली ओळ लिहा. सोमवारी संमतीपत्र शोधा आणि मिळालं की त्यातला सांडपाण्याचा तक्ता मला पाठवा, कंपनीचं नाव झाकून पाठवलं तरी चालेल, कोणत्या तपासण्या करायच्या ते मी बघून सांगतो, म्हणजे लॅबचे पैसे वाया जाणार नाहीत.